खडू धरणारा

सुमित्राबाईंनी उजवा हात वर केला, डावा डोळा मिटला, कोपर खांद्याच्या उंचीला आणलं आणि डार्ट फेकला. म्हणजे फेकायला गेल्या. हात पुढे गेला, मनगट झुकलं, पण बोटं काही उघडली नाहीत. डार्ट चिमटीत जसाच्या तसा.

"सुट की मेल्या," त्या पुटपुटल्या.

डार्टला काय त्याचं! त्यांनी तळवा ओढणीला पुसला आणि हात पुन्हा वर केला. या खेपेला तर तो पुढेच जाईना. कानामागून घामाचा ओघळ मानेवर उतरला. अमेरिकेत, पार्सिपनीतल्या त्या बेसमेंटमध्ये चांगलं गार होतं, तेव्हा हा घाम उकाड्याचा नव्हता. समोरच्या भिंतीवर, गणपतीचं मखर आणि तांदळाची पोती यांच्या मधोमध, डार्टबोर्ड टांगला होता. इतकी वर्षं तो मखराच्या मागे तोंड लपवून बसला होता. तिथेच बसला असता तर काय बिघडलं असतं, असं त्यांना गेले काही दिवस रोज वाटत होतं.

उद्या दुपारी पेनसिल्व्हेनियातल्या एका हॉलमध्ये, भरल्या सभेत, त्यांना पहिला डार्ट टाकायचा होता. स्पर्धेचं उद्घाटन. आपल्याकडे नारळ फोडतात, तसं यांचं. नारळ निदान हातातून सुटतो तरी.

जिना कुरकुरला. कुमारराव एका हातात काठी आणि दुसऱ्या हातात चहाचा मग घेऊन एकेक पायरी उतरत होते. गुडघ्यांची दोन्ही ऑपरेशनं झाल्यापासून बेसमेंटमध्ये येऊ नका म्हणून डॉक्टरांनी, मुलगी प्रीताने आणि बायकोने बजावलं होतं. त्यांनी तिघांचंही ऐकलं नव्हतं.

"उघडली?" त्यांनी विचारलं.

"एकदा. सकाळी."

"मग उद्या दुसऱ्यांदा उघडतील."

"आणि नाही उघडली तर?"

कुमारराव तांदळाच्या पोत्यावर बसले. चहाचा मग त्यांनी बायकोच्या हातात दिला, तेव्हा चहा हिंदकळला. कोणाच्या हातामुळे ते सांगणं कठीण.

"मी आजारी पडतो," ते म्हणाले. "निघायच्या वेळी छातीत दुखतंय म्हणतो. प्रीता घर डोक्यावर घेईल, आपण इमर्जन्सीत जाऊ, बसू तिथे संध्याकाळपर्यंत. कार्यक्रम चुकला तर चुकला."

"शुभ बोला हो! काहीतरीच काय!"

"बरं, मग दुसरं सांगतो. मी पहिल्या रांगेत बसणार. तुझा हात अडकला असं दिसलं, की मी उठेन. पुढचं माझ्यावर सोड. एकदा केलंय, पुन्हा करेन."

 सुमित्राबाईंना हायसं वाटलं होतं, आणि हायसं वाटलं याची लाजही वाटली होती. त्यांनी गार होत चाललेला चहा एका दमात पिऊन टाकला.

लग्न होऊन अमेरिकेत आल्या तेव्हा त्यांचं पहिलं बिऱ्हाड ॲलनटाउनमध्ये एका बारच्या डोक्यावर होतं. कुमारराव केमिकल कंपनीत जायचे, आणि नागपूरहून आलेली ही तेवीस वर्षांची मुलगी दिवसभर एकटी. खालून आवाज यायचा, टक्, टक्, टक्. एका बर्फाच्या दुपारी तिला राहवेना. साडीवर नवऱ्याचा कोट चढवून ती खाली गेली आणि दारात उभी राहून बघत बसली. कॉलेजात कॅरमच्या ढाली जिंकलेली पोर, नेम बोटांतच होता. बारमालकाने थट्टेने तिच्या हातात लाकडी डार्ट ठेवला, मागे टर्कीची पिसं लावलेला. त्याची थट्टा फार दिवस टिकली नाही.

पुढच्या पाच वर्षांत ती गावोगावच्या स्पर्धांत बक्षिसांसाठी खेळू लागली. बायकांनी पेशा म्हणून डार्ट खेळायचे ते अगदी सुरुवातीचे दिवस, आणि त्यात ही साडी नेसलेली. वर्तमानपत्रात फोटो यायचे. शनिवार-रविवारी कुमारराव गाडी हाकायचे, मागच्या सीटवर प्रीता झोपलेली. हॉलमध्ये पोचलं की ते खडू हातात घ्यायचे. बोर्डाशेजारच्या पाटीवर आकडे लिहिणारा माणूस लागतो. त्याने बोर्डाकडे तोंड करून उभं राहायचं, आणि खेळाडूचा हात वर असताना हलायचं नाही, बोलायचं नाही, हा रिवाज. कुमारराव म्हणजे अखंड चुळबुळ आणि अखंड बडबड, पण खडू हातात आला की खांब. तिचा डार्ट त्यांच्या कानापासून वीतभरावरून जायचा आणि त्यांची पापणी लवत नसे.

मग एका हिवाळ्यात ते दुखणं आलं. डार्ट खेळणाऱ्यांनी त्याला एक नाव दिलं आहे, पण बोर्डाजवळ ते कोणी घेत नाही. रात्री सापाला साप न म्हणता लांबडं म्हणतात ना, तसलाच प्रकार. हाताला काहीही झालेलं नसतं. पोळ्या लाटता येतात, सुईत दोरा ओवता येतो. फक्त डार्ट सोडायच्या क्षणी बोटं मिटलेली राहतात. भीती बसते, बस्स. एकदा अडकला की पुढच्या वेळी अडकेल याची भीती, आणि त्या भीतीनेच अडकतो.

सत्त्याऐंशी साली, शेवटच्या सामन्यात, जिंकायला एकच डार्ट हवा होता. सुमित्राचा हात वर गेला आणि वरच राहिला. हॉल आधी शांत झाला, मग कुजबुजला, मग मागे कोणीतरी फिदीफिदी हसलं. तिला खाली घेता येईना, पुढे नेता येईना. डोळ्यांसमोर बोर्ड विरघळायला लागला. आता आपण इथे रडणार, या सगळ्यांसमोर, एवढंच तिला कळत होतं. आणि तेव्हा बोर्डाजवळचा खांब हलला. कुमाररावांनी खडू ठेवला, चालत आले, तिचा हात धरून खाली घेतला आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात इंग्रजीत म्हणाले, "पुरे झालं हे. माझ्या बायकोने घरी राहावं, पोरीकडे बघावं. ती आता खेळणार नाही."

लोकांनी त्यांची हुर्यो केली. कोणीतरी त्यांच्या कोटावर बिअर फेकली. गाडीत घरापर्यंत तो वास होता, आणि मागे आठ वर्षांची प्रीता हुंदके देत होती.

"असं का म्हणालात?" घरी आल्यावर सुमित्राने विचारलं होतं.

"माझ्यावर ओरडू देत," ते कोट झटकत म्हणाले होते. "मला कुठे तिथे परत खेळायचंय!"

तेच कायम झालं. मराठी मंडळातल्या त्या वेळच्या बुजुर्गांनी कुमाररावांची पाठ थोपटली: बरं केलंत, बाईमाणूस गुत्त्यात शोभत नाही. पुढे जग बदललं, आणि त्याच गोष्टीवरून प्रीता मोठी झाल्यावर बापाशी कामापुरतं बोलू लागली. बायकोचं करिअर बुडवलेला नवरा. कुमाररावांनी दोन्ही वेळा मान डोलावली. आणि सुमित्राबाई? आज सांगू, उद्या सांगू. लेकीच्या डोळ्यांत आपण कोण आहोत ते त्यांना माहीत होतं: जिच्यावर अन्याय झाला ती वाघीण. वाघिणीने कसं सांगायचं, की बाळ, मी घाबरले होते?

*

दुसऱ्या दिवशी प्रीता वेस्ट विंडसरहून न्यायला आली. छातीत कोणाच्या दुखलं नाही. कुमाररावांनी दारात एकदा बायकोकडे बघून भुवया उंचावल्या, दुखू दे का? तिने मानेनेच नाही म्हटलं.

"आई, तू पुढे बस. बाबा, तुम्ही मागे. काठी नीट ठेवा, दाराला लागते."

गाडी हायवेला लागल्यावर प्रीता जी बोलत सुटली ती थांबेना. हा सन्मान तिनेच जमवून आणला होता. जुनी कात्रणं शोधली, आयोजकांना ईमेल केले, फोन केले. वकिलीत मुरलेली बाई, एकदा मनावर घेतलं की घेतलं.

"मी इंट्रोडक्शन लिहिलंय. पाच मिनिटांचं. आय वाँट देम टु नो एव्हरीथिंग."

"एवरीथिंग कशाला ग," सुमित्राबाई म्हणाल्या. "नाव, गाव सांग. पुरे."

"नाही, आई. लोक पोलाइट राहतात म्हणून अशा गोष्टी दबून जातात."

मागच्या सीटवरून कुमारराव म्हणाले, "बरोबर आहे तिचं."

सुमित्राबाईंनी खिडकीकडे तोंड केलं.  मांडीवरच्या पर्समध्ये त्यांचे जुने पितळी डार्ट होते, तीन, आणि त्या ते पर्सवरूनच चाचपत होत्या. उजव्या हाताची बोटं उघड, मीट, उघड, मीट. आता कशी शहाण्यासारखी उघडतात बघा!

हॉल एरवी बिंगो खेळायचा असावा. रांगेने बोर्ड लावलेले, आकडे आता खडूने नव्हे तर टीव्हीच्या पडद्यावर येणारे. आयोजक डोना दारातच भेटली. पांढरे केस, गुडघ्याला पट्टा. शेवटच्या त्या सामन्यात समोर तीच खेळत होती. तिने सुमित्राबाईंना मिठी मारली, मग त्यांचा उजवा हात दोन्ही हातांत घेतला आणि बोटांकडे बघत राहिली.

"कशी आहेत?" तिने हळूच विचारलं.

सुमित्राबाईंनी बोटं मिटून घेतली. हिला माहीत आहे. हिला तेव्हाच कळलं होतं. पण डोना पुढे काही बोलली नाही, फक्त हात थोपटून निघून गेली. बोर्ड जवळ होते ना.

पहिल्या रांगेत तीन खुर्च्या राखून ठेवल्या होत्या. प्रीताने आईला कडेला बसवलं, आपण मधे बसण्याऐवजी मधल्या खुर्चीवर आपली भली थोरली पर्स ठेवली आणि स्वतः माईककडे गेली. पर्सच्या पलीकडे कुमारराव काठीवर दोन्ही तळवे ठेवून सरसावून बसले.

"लक्षात आहे ना?" ते पर्सवरून वाकून कुजबुजले. "अडकला की मी उठतो."

"हो."

"घाबरू नकोस."

"तुम्ही गप्प बसा हो," त्या म्हणाल्या. 

प्रीता छान बोलली. ॲलनटाउनचा बार, साडी, ढाली, कात्रणं. लोक हसले, टाळ्या वाजल्या. मग तिने कागद खाली ठेवला.

"माय फादर," ती म्हणाली, आणि थांबली, आणि सगळ्यांनी तिच्या नजरेच्या रोखाने पहिल्या रांगेत बघितलं. बाकीचं तिने इंग्रजीत शांतपणे सांगितलं. मी तिथे होते. मी आठ वर्षांची होते. त्या माणसाने भर सामन्यात तिचा हात खाली ओढला आणि तिला घरी नेलं. ती पुन्हा कधीच खेळली नाही. आज तो हात पुन्हा वर जाणार आहे.

हॉलमध्ये नाराजीचा हूं असा आवाज उठला. कुमारराव एवढ्या सगळ्या नजरांसमोर ओशाळं हसले आणि त्यांनी मान डोलावली.

सुमित्राबाई उठल्या.  डार्ट फेकायच्या रेघेपर्यंत कशा पोचल्या ते त्यांना पुढे कधी आठवलं नाही. दोन डार्ट डाव्या हातात, एक उजव्या. समोर बोर्ड. रेघेला अंगठा टेकवून कसं उभं राहायचं ते पायाला मात्र बरोबर आठवत होतं.

हात वर गेला.

आणि लगेच त्यांना कळलं, की नाही. उघडणार नाहीत. तीच ती घट्ट, परकी बोटं, दुसऱ्या कोणाची तरी. हॉल शांत झाला, आणि ती शांतता त्यांच्या ओळखीची होती. आता कुजबुज. आता कोणीतरी हसणार.  देवा, एवढ्या वेळेला, एवढ्या एका वेळेला.

डोळ्याच्या कोपऱ्यात काहीतरी हललं. काठी. कुमारराव काठीवर जोर देऊन उठायला लागले होते. गुडघे साथ देत नव्हते, एकदा उठून पुन्हा खाली बसले, पुन्हा जोर केला. त्यांच्या तोंडावर ती तयारी दिसत होती, पुन्हा एकदा सगळ्यांदेखत वाईट व्हायची. आता ते काहीतरी भलतंच बोलतील, आणि हा अख्खा हॉल पुन्हा त्यांच्या अंगावर येईल.

उठू नका, सुमित्राबाईंच्या मनात आलं. उठू नका, उठू नका हो. बोटांचा विचार त्या क्षणी त्यांच्या डोक्यात नव्हताच.

टक्.

डार्ट बोर्डाच्या मधोमध, लाल ठिपक्यात बसला होता.

हॉल उसळला. डोना शिट्ट्या वाजवत होती. प्रीता धावत आली आणि तिने आईला इतकं घट्ट धरलं की चष्मा वाकडा झाला. दोघी पहिल्या रांगेशी आल्या. कुमारराव धपकन खुर्चीत बसले होते आणि रुमालाने कपाळ पुसत होते. तोंड आनंदाने नुसतं फुललं होतं.

"बघितलंत, बाबा?" प्रीता म्हणाली. ती रडत होती. "एवढ्या वर्षांनी, विदाउट प्रॅक्टिस. बघितलंत तिचा हात? हे तुम्ही बंद केलंत. हे घालवलंत तुम्ही."

"हो ग बाळ," कुमारराव म्हणाले. "चुकलंच माझं."

आणि ते खरंच खुशीत होते. ते सुमित्राबाईंनी बघितलं. आता पुरावाच झाला होता. बोर्डात, सगळ्यांसमोर, टीव्हीच्या पडद्यावर. हात चांगला होता, हात कायम चांगलाच होता, आणि नवऱ्याने तो बांधून ठेवला. आता यापुढे कोणी कधी विचारणार नाही. आपण फक्त हसायचं, उरलेले दोन डार्ट टाकायचे आणि घरी जायचं.

डोनाने त्यांच्यासमोर माईक धरला. चार शब्द, सुमित्रा.

सुमित्राबाईंनी माईक घेतला आणि तोंड उघडायला गेल्या. ओठ उघडेनात. तेच ते, तसंच्या तसं. फक्त आता बोटांत नव्हतं, जिभेवर होतं, आणि आधीच्यापेक्षा दसपट होतं. समोर प्रीताचा चेहरा होता, लहानपणी बक्षिसाच्या ढालीकडे बघायची तसा. हा चेहरा आता आपण घालवणार. पुढच्या क्षणी तो नसेल.

"प्रीता," त्या मराठीत म्हणाल्या. माईकमधून तो आवाज हॉलभर घुमला. "बाबांनी मला थांबवलं नाही. माझी बोटं उघडत नव्हती. भीती बसली होती मला. मी तिथे सगळ्यांसमोर रडले असते, म्हणून ते आले. ते जे बोलले ते खोटं होतं. आणि मी तुला कधी सांगितलं नाही, कारण... मला तेही सांगायची भीतीच वाटायची."

हॉल कौतुकाने ऐकत होता. काहीच कळत नसल्यामुळे चेहरे प्रसन्न होते. एकदोघांनी टाळ्यासुद्धा वाजवल्या.

"अगं सुमा, काय हे," कुमारराव काठी शोधत म्हणाले. ते पुन्हा उठायला लागले होते.

"तुम्ही बसा," सुमित्राबाई म्हणाल्या.

ते बसले. मग पर्सवरून वाकून लेकीला घाईघाईने म्हणाले, "बाळ, लोक थांबलेत. सांग त्यांना, आईने थँक यू म्हटलं. सगळ्यांचे आभार मानले म्हणून सांग."

प्रीता बापाकडे बघत होती. त्यांच्या त्या धडपडणाऱ्या हातांकडे, त्या ओशाळ्या हसण्याकडे, अंगातल्या कोटाकडे.  आईने माईक पुढे केला, आणि प्रीताने तो घेतला.

"व्हॉट डिड शी से?" डोनाने मागून विचारलं.

प्रीताने मधल्या खुर्चीवरची पर्स उचलून खाली जमिनीवर ठेवली आणि ती तिथे बसली. तिचा खांदा कुमाररावांच्या दंडाला लागला. तिने माईक तोंडाशी नेला.

"माय फादर," ती म्हणाली, आणि कोर्टात कधी न अडणाऱ्या त्या बाईला पुढचा शब्द फुटेना.